एक पुंगळी कमी

साताऱ्याच्या स्टँडवर एसटी सुटता सुटता आईने खिडकीतून हात घालून माझी कॉलर धरली. म्हणाली, "आबांची मान खाली जाईल असं काय करू नगंस." बारावीत आपटलेल्या पोराला दुसरा कुठला आशीर्वाद मिळणार! आबा, म्हणजे माझे वडील, दिल्ली कॅन्टोन्मेंटमध्ये सुभेदार होते. त्यांच्या क्वार्टरमध्ये राहून मी काहीतरी शिकणार होतो. काय, ते कुणालाच ठाऊक नव्हतं.

गावात राहिलेल्या मित्रांनो, तुम्ही अजून विचारता, दिल्लीत तू गुंडांची गाणी म्हणायचास म्हणे? म्हणायचो. तेव्हा गुडगावच्या शेतांत काचेच्या इमारती उभ्या राहत होत्या आणि घरोघरी केबल आली होती. केबलवर रॅप बघून कॉम्प्युटर क्लासमधला माझा दोस्त बिट्टू म्हणाला, "यार, अपना अल्बम निकालते हैं. गँगस्टा रॅप!" कंपनी-बिंपनी नाही, सगळं आपलं आपण. मुनिरक्यातल्या त्याच्या भाड्याच्या खोलीत आम्ही भिंतींना रजया टांगल्या, आवाज नको म्हणून पंखा बंद केला आणि घामाघूम होत रेकॉर्डिंग सुरू केलं. अल्बममध्ये मी तीन खून पचवले होते. प्रत्यक्षात बसच्या कंडक्टरला स्टॉप विचारतानाही माझी जीभ अडखळायची. दिल्लीची मला भीती वाटायची, आणि ती लपवायला ते गाणं बरं होतं.

एक आवाज मात्र जमेना. गोळी झाडल्यावर काडतुसाची रिकामी पुंगळी खाली पडते, तो. चमचे झाले, नटबोल्ट झाले. बिट्टूचं एकच, "नकली लगता है."

एके दिवशी आबा डबा विसरून गेले. तो पोहोचवायला मी फायरिंग रेंजवर गेलो आणि परतताना गवतात पितळेची पुंगळी चमकली. इकडेतिकडे पाहिलं, खिशात टाकली. एवढ्या गोळ्या उडतात, एकीचं काय, असं मला वाटलं. दुपारी मुनिरक्यात माइकसमोर ती फरशीवर पाडली. टिंग! बिट्टूने मला मिठीच मारली.

संध्याकाळी कॅन्टोन्मेंटला परतलो, तर आमच्या क्वार्टरांच्या ओळीत एकही पुरुषमाणूस घरी नव्हता. शेजारच्या शिंदेवहिनी दारात उभ्या होत्या. "अरे, रेंजवर एक पुंगळी कमी भरतीये. जेवढ्या गोळ्या झाडल्या तेवढ्या पुंगळ्या परत लागतात ना. मिळेपर्यंत कुणालाच सोडणार नाहीत. साहेब बिल्कुल ऐकत नाहीत, आणि आज सगळी जबाबदारी तुझ्या आबांची."

आबांच्या निवृत्तीला तीन महिने राहिले होते. चौकशी लागली असती तर अख्ख्या नोकरीवर डाग पडला असता. पुंगळी माझ्या खिशात होती. खोटं कशाला बोलू, ती गटारात टाकून द्यावी असंही मनात आलं. पण कॉलरवरचा आईचा हात आठवला आणि मी रेंजकडे पळत सुटलो. गेटवरचा जवान ओळखीचा होता, त्याने अडवलं नाही.

मावळत्या उजेडात चाळीसेक जवान गुडघ्यांवर बसून हातांनी गवत चाळत होते. सगळ्यांच्या पुढे आबा. देवापुढेही उभ्यानेच हात जोडणारा माणूस तो. मी जवळ गेलो.

"हिकडं कशाला आलास?"

मी मूठ उघडली.

आबांनी आधी पुंगळीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. तिथेच मुस्काटात बसली असती तर बरं झालं असतं. त्यांनी चटकन मागे वळून कुणी बघत नाही ना, ते पाहिलं. सीमेवर गोळीबारात राहिलेला माणूस माझ्यापायी घाबरला होता. त्यांनी पुंगळी घेतली, गवतात ठेवली, अंगठ्याने मातीत जराशी दाबली आणि ओरडले, "मिल गया!"

जवानांनी टाळ्या वाजवल्या. क्वार्टरपर्यंत आबा माझ्यापुढे मान खाली घालून चालत होते.

अल्बम निघाला. शे-दोनशे कॅसेटी मित्रमंडळींत वाटल्या-खपल्या. "वो टिंग वाला साउंड तो असली है," असं जो तो म्हणायचा, आणि दर वेळी मी विषय बदलायचो. ती कॅसेट मी आजवर पूर्ण ऐकलेली नाही.

आता मी गुडगावात चौदाव्या मजल्यावर राहतो. माझ्या मुलीला पुंगळी हा शब्द माहीत नाही. आबा निवृत्त होऊन गावी गेले, आईला त्यांनी काही सांगितलं नाही आणि माझ्याजवळही तो विषय पुन्हा काढला नाही. इथे माझं घर आहे, कर्जही आहे, पण मला घर म्हटलं की अजून रेंजवरची ती भीतीच आठवते, आणि ती ज्याच्या हातात नेऊन देता आली तो माणूस.

म्हणून गावी गेलो की उंबऱ्यापाशीच खिसे रिकामे करतो. फ्लॅटची किल्ली, मेट्रोचं कार्ड, ऑफिसचा बिल्ला, सगळं कट्ट्यावर ठेवतो. गेल्या खेपेला मुलीने विचारलं, "पापा, ये क्या कर रहे हो?"

आबा कट्ट्यावरच बसले होते. त्यांनी एकेक वस्तू उचलून मोजली, माझ्या हातात परत दिली आणि म्हणाले, "सगळं भरलं. एकबी कमी न्हाई. ये आत."