साखळी न ओढलेला डोंगर

बायको गेली त्या वर्षी मी जंगलाच्या मोजणीवर होतो. भादव्यात तिला ताप भरला, तो उतरलाच नाही. तेरावं झाल्यावर मी ब्राह्मणपुरीच्या घरी नुसता ओट्यावर बसून राहायचो. रडू येत नव्हतं, भूकही लागत नव्हती. शेवटी आई म्हणाली, "घर मा बशीसन काय व्हई? कामवर जाय." मी गेलो.

शहाद्याच्या उत्तरेला, सातपुड्यातल्या एका पाड्याजवळ आमचा तंबू होता. साखळीवाले मोजणीची लोखंडी साखळी ओढत पुढे जायचे आणि मी तिपाईवरच्या फळीला लावलेल्या कागदावर ओढे, टेकड्या, वाटा उतरवायचो. हात सवयीने चालत होते.

एका डोंगरापाशी पाड्याचा कारभारी आडवा आला. त्याची पावरी बोली आम्हाला कळेना, म्हणून जंगलाच्या शिपायाने ती मराठीत सांगितली. "तो म्हणतो, ह्या डोंगरात साखळी नेऊ नका. त्यांची गेलेली माणसं तिथे राहतात. घरं आहेत, शेतं आहेत, ढोरं आहेत. आपल्याला नुसती झाडी दिसते."

कारभाऱ्याची म्हातारी आई शेजारीच उभी होती. तिने शिपायाकरवी मला विचारलं, "तुझं कोणी गेलंय का, भाऊ?"

"बायको," मी म्हणालो.

"मग तीही कुठेतरी अशीच असेल. तिच्या दारातून कोणी लोखंड खणखणवत गेलं तर?"

हे ऐकून काहीतरी वाटायला हवं होतं. वाटलं नाही. मी साखळी गोळा करायला सांगितली, एवढंच.

साखळीवाला म्हणाला, "तेवढी जागा कोरी सोडा."

ते सोपं होतं, पण मला पटेना. नकाशावर कोरी जागा दिसली की जंगलखात्याच्या साहेबाचं बोट आधी तिथेच जातं. मग तो दुसरा माणूस पाठवतो, आणि त्या माणसाला म्हातारी भेटेलच असं नाही. डोंगर काढला नाही तर तो उघडा पडणार होता. आत जाऊन काढला तर म्हातारीचा शब्द मोडणार होता.

मी कारभाऱ्याला विचारलं, "लांबून पाहिलं तर चालेल?"

त्याने आईकडे पाहिलं. ती म्हणाली, "लांबून तर आम्हीही पाहतो. नाव मात्र लिहू नको. नावाने हाक मारली की त्यांना यावं लागतं."

मग मी भोवतालच्या टेकड्यांवर फळी मांडत फिरलो. फळीवरच्या पितळी पट्टीच्या फटीतून त्या डोंगराचं एकेक टोक धरायचं, रेघ मारायची, दुसऱ्या टेकडीवर जाऊन तेच टोक पुन्हा धरायचं. दोन रेघा मिळतील तिथे ते टोक. चढ, कडे, घळी सगळं असं बाहेरूनच आलं. पाऊलवाट एकही काढली नाही. एका दुपारी पट्टीतून पाहताना वाटलं, आत कुठेतरी माझी बायको जात्यावर बसली असेल आणि माझ्याकडे तिची पाठ असेल. मी थोडा वेळ पाहत राहिलो. मग पेन्सिलीला टोक केलं.

निघायच्या आधी म्हातारीला कागद दाखवला. शिपायाने डोंगर कुठला ते सांगितलं. तिने त्याच्या कडेने बोट फिरवलं, कागदाला न लावता.

"आत जायची वाट कुठे आहे?"

"काढली नाही."

"बरं," ती म्हणाली आणि सरपण घेऊन गेली.

साहेबाने नकाशा टेबलावर पसरला. "ह्या डोंगराचं नाव?"

"गावकरी नाव सांगत नाहीत, साहेब."

तो चढाच्या रेघा पाहत राहिला. "फार उभा आहे. लाकूड खाली उतरवणार कसं?" असं म्हणून त्याने तोडीच्या हद्दीची लाल रेघ डोंगराच्या अलीकडेच थांबवली. मी चढ होता तेवढाच दाखवला होता. सुटल्यासारखंही वाटलं नाही. मी शाई वाळायची वाट पाहत उभा राहिलो.

सारंगखेड्याच्या यात्रेच्या सुमारास मी घरी आलो. आईने भाकरी वाढली आणि विचारलं, "कसं शे डोंगरवर?"

"थंडी शे," मी म्हणालो.

तिने आणखी एक भाकरी टाकली. मी ती खाल्ली.