सारवलेली मोरी

आमच्या नाल्यावर तामीरात म्हणजे बांधकाम खात्याने गाड्यांसाठी दगडी मोरी बांधून घेतली, तेव्हा मी विशीचा होतो. जालन्याहून धान्याच्या पोत्यात दडवून आणलेली सरकारविरोधी पत्रकं वाचून मी वाढलो होतो. अन्याय मोठ्याने ओरडून सांगितला की तो कोसळतो, अशी माझी पक्की समजूत होती.

ठेका घेतलेल्या गुत्तेदाराने मोरीत चुना वापरलाच नव्हता. दगड नुसत्या चिखलात बसवले होते. हे मला शेजारच्या गवंडीकाकांनी सांगितलं. बसवणारे हात त्यांचेच होते. मी चार पानं तक्रार लिहून जालन्याला अर्ज लिहून देणाऱ्या अर्जनवीसाकडे नेली. त्याने चष्मा वर केला.

"मियाँ, ये तो तकरीर हो गई, भाषण! अदालतीला मोरीत काय हाय तेवढं सांगा."

चार पानांच्या चार ओळी झाल्या. काकांनी शपथेवर जबाब दिला. गुत्तेदाराने उलटा अर्ज केला की गवंडी खोटारडा आहे, त्याला शिक्षा करा. मुन्सफांनी हुकूम काढला: अदालतीच्या अमिनाने जागेवर जाऊन मोरी पाहावी आणि अहवाल लिहावा. सांध्यांत चिखल निघाला तर गुत्तेदाराची चौकशी. चुना निघाला तर काका कैदेत.

मी चावडीसमोर उभा राहून गरजलो, "अदालत आपल्या दारात येतीय! हा गावाचा सण समजा!" लोकांनी माना डोलावल्या. अमिनाला घेऊन यायला मी आदल्या दिवशीच जालन्याला गेलो. मुक्कामात डोळ्याला डोळा लागला नाही.

दुसऱ्या दिवशी आमची बैलांची दमणी नाल्याशी थांबली आणि मी खाली उडी टाकली. मोरी पांढरीफेक दिसत होती. पांढऱ्या मातीने सारवलेली, वर गेरूचे पट्टे, समोर रांगोळी. एकही सांधा उघडा नव्हता. आई आणि गल्लीतल्या बाया पदर सावरून कडेला उभ्या होत्या. पाहुणा यायचा तर घराची भिंत जशी सारवतात, तशी त्यांनी मोरी सारवली होती.

"आई, हे काय केलंस?"

"तूच म्हणला ना सण हाय म्हणून? पहाटपासून राबून राह्यलो. अदालत येणार अन् मोरी तशीच बोडकी ठिवायची?"

गुत्तेदाराचा मुनीम आधीच येऊन बसला होता. तो हसला. "बघा अमीनसाहेब, काम कसं बिलकुल चकाकतंय!"

काका पहार घ्यायला वाकले. अमिनाने हात आडवा केला. "सरकारी कामाला धक्का लावाल तर तो वेगळा गुन्हा. मी जे दिसेल तेच लिहीन." त्याने दौत उघडली.  मी नुसता येरझाऱ्या घालत होतो. सगळी पत्रकं आठवली. त्यांत एकही वाक्य कामाचं नव्हतं.

आईने काकांकडे पाहिलं. मग ती अमिनाला म्हणाली, "साहेब, मोरी सरकारची, पर सारवण आमचं हाय ना? आमचं आम्ही धुतलं तर चालंल?"

अमिनाने एकदा मोरीकडे पाहिलं. "त्याला मनाई न्हाई."

"वैनी, जल्दी करा," काका पुटपुटले.

बायांनी नाल्यातून घागरी भरल्या. पहिल्या दोन घागरींत गेरूचं तांबडं पाणी उतरलं. मग पांढरं. तिसऱ्या घागरीला पाणी काळं यायला लागलं आणि थांबेचना. सांध्यांतला चिखल ओघळून खाली आला. वरचा एक दगड कलला.

मुनीम ओरडला, "अरे, सरकारी मोरी धुऊन नेता का काय!"

"मुनीमजी," अमीन न हसता म्हणाला, "मोरी पाण्यासाठीच असती ना?" आणि त्याने लिहायला घेतलं.

पुढच्या तारखेला मुन्सफांनी काकांचा जबाब खरा धरला आणि गुत्तेदाराला हजर राहायला फर्मावलं. काका घरी आले, दोन दिवस झोपले. त्यांच्या ओसरीवर लोकांनी गूळ वाटला. मीही तो खाल्ला.

पण गुत्तेदार एकाही तारखेला आला नाही. कधी आजारी, कधी हैदराबादेला. दगड तसाच कललेला राहिला, गाड्या नाल्यातून जात राहिल्या. दर तारखेला मी पायी जालन्याला जायचो, अदालतीच्या पायरीवर बसायचो. शिपायाने पुकारा केला की उठायचो, नवी तारीख ऐकायचो आणि काही न ओरडता परत चालायला लागायचो.