गोजरबाई आणि ‘कळवतो’

आमच्या गावात गोजरबाईनं सोयरीक जुळवली नाही असं घर शोधावं लागेल. माझीही तिनंच जुळवली, त्यामुळे तिच्याविरुद्ध बोलायची आमच्या घरात सोय नाही. या बाईला जगात एकाच शब्दाचा राग. तो म्हणजे ‘कळवतो’. पोरगी पाहून, पोहे चापून पाहुणे ‘कळवतो’ म्हणाले की ती दारात आडवी उभी राहायची. "न्हाई म्हना, राग न्हाई. पन काहीतरी म्हना."

नेमकी तिच्याच नशिबी ‘कळवतो’ म्हणणारी कचेरी आली.

फार वर्षांपूर्वी सरकारनं शेतांच्या विखुरलेल्या तुकड्यांचं एकत्रीकरण करून गट पाडले. तेव्हा कनेरगाव नाक्याच्या रस्त्याला लागून असलेली गोजरबाईच्या सासऱ्याची पट्टी कागदावर शेजाऱ्याच्या नावानं चढली, आणि शेजाऱ्याचं नाल्याकाठचं रान हिच्या घराच्या नावावर. वहिती मात्र ज्याची त्याच्याकडेच राहिली. शेजारी विश्वंभरदादा सरळ माणूस. चूक कळली तशी त्यांनी दुरुस्तीच्या अर्जावर तिच्याबरोबर सही केली. पण पुढं रस्ता रुंद झाला, भाव चढले, आणि पुण्याला असलेली त्यांची पोरं फोनवर ‘बघू’ म्हणायला लागली.

"मी हाय तोवर माझी सही खरी, वयनी," दादा म्हणाले. "माझ्या मागं पोरांचं मी सांगत न्हाई."

दादांना बिडीचा नाद आणि जुनाट खोकला. म्हणजे बाईची जमीन त्या खोकल्यावर अवलंबून. दुसऱ्या दिवसापासून ती सकाळीच अडुळशाचा काढा घेऊन त्यांच्या ओट्यावर हजर. बिड्या जप्त. थंडीत कानाला मफलर बांधला की नाही, तेही तीच बघणार. गावाची हसून पुरेवाट झाली. दादा बरे होत गेले, अर्ज मात्र कचेरीत होता तिथंच पडून. विचारायला गेलं की साहेब गोड हसून म्हणायचे, "कळवतो."

शेवटी करुणा वकिलीणबाईंनी संभाजीनगरच्या खंडपीठात तिची याचिका घातली. जीप माझी. याचिकाकर्ती मागं बसली, आणि शेजारी प्रतिवादी म्हणून दादा, तिनंच आणलेली भाकरी खात.

"मावशी, आधीच सांगते," पुढं माझ्या शेजारी बसलेल्या वकिलीणबाई म्हणाल्या, "कोर्ट तुम्हाला जमीन देणार नाही. अमुक मुदतीत निर्णय द्या, एवढंच साहेबांना सांगेल. ते नाही म्हणाले तर वर अपील करू. पण उत्तरच दिलं नाही तर अपील कशावर करायचं?"

मला वाटलं, म्हातारी आता जीप परत फिरवायला लावणार. पण तिचा चेहरा खुलला.

"बराबर हाय," ती म्हणाली. "नकार आला की दुसरं स्थळ पाहता येते. ‘कळवतो’ म्हनलं की पोरगी अडकून पडते. काहून इतकी वर्सं मी साहेबाच्या दारात आडवी झाले न्हाई?"

कोर्टानं दोन महिन्यांची मुदत घातली. आणि त्याच दिवसांत दादांना ताप भरला. गोजरबाईचं तोंड एवढंसं झालं. गाव आता हसत नव्हतं. दवाखान्यात ती त्यांच्या उशाशी बसून होती, आणि खरं सांगतो, त्या दिवसांत तिच्या तोंडून जमिनीचा ‘ज’ निघाला नाही.

दादा उठून बसले. मुदतीच्या आत निकालही आला. दोघांची संमती पाहून दुरुस्ती मंजूर. मी ओट्यावर कागद वाचून दाखवला.

"म्हंजी आता मी मेलो तरी तुमचं अडत न्हाई," दादा हसले.

गोजरबाई हसली नाही. तिनं पदरानं डोळे पुसले आणि भांड्यात काढा ओतला. "शुभ बोलावं मानसानं."

दादांनी कडू तोंड करून भांडं रिकामं केलं. "काम तर झालं, वयनी. मंग उद्यापासून काढा बंद ना?"

"कळवते," गोजरबाई म्हणाली.

या गोष्टीला वर्ष होत आलं. तिनं अजून कळवलेलं नाही.