अर्ध्या बोटाची साक्ष

नोकरीतल्या बऱ्याच प्रकरणांची आता डोक्यात सरमिसळ होते. कुठला आरोपी कुठल्या ठाण्यातला, हे पत्नीला विचारून ताळा करावा लागतो. या एका प्रकरणाबाबत तसं कधी झालं नाही. नावं कोणाचीच देत नाही, कारण त्या घरातली माणसं अजून त्या भागात नांदत आहेत.

सांगली संस्थान विलीन होऊन थोडेच महिने झाले होते. सातारा जिल्ह्यातल्या एका ठाण्यातून माझी सांगलीला बदली झाली. मी फौजदार होतो, वय तिशीच्या आतलं, आणि नव्या जागी लवकर काहीतरी करून दाखवायची घाई. एके दिवशी सकाळची हजेरी चालू असताना कृष्णाकाठच्या एका गावाहून पोलीस पाटलाचा माणूस वर्दी घेऊन आला. हळदीच्या पेवात पडून एक हमाल मेला होता.

पेव म्हणजे जमिनीत खोदलेलं हळदीचं कोठार. तोंड जेमतेम माणूस उतरेल एवढं, आत रांजणासारखं फुगलेलं, आणि चांगलं दोन-तीन पुरुष खोल. हळद काढायला एक जण कमरेला दोर बांधून आत उतरतो आणि वरची दोघं दोर सांभाळतात. त्या सकाळी वरच्या दोघांतला एक बैलगाडी वळवून आणायला गेला होता. खालच्याला वर घेताना दोर सुटला. माणूस पाठीवर आपटला, मान मोडली. गाडीवाला धावत येईपर्यंत सगळं संपलेलं होतं.

दोर धरणारा हमाल पस्तिशीचा होता, पंधरा वर्षं याच कामात मुरलेला. मेलेला त्याचा दाजी, सख्ख्या धाकट्या बहिणीचा नवरा. मी पोचलो तेव्हा तो पेवाच्या तोंडाशी मांडी घालून बसला होता आणि आत बघत होता. रडत नव्हता. पोलिसाच्या नजरेला ते खटकतं.

मी पंचनामा केला. दोर नवा, कोरडा, कुठं तुटलेला नाही. दोर धरणाऱ्याचे हात पाहिले. डाव्या तळहाताची सालटी निघून रक्त आलं होतं, उजवा तळहात मात्र साफ होता. मी दोन्ही गोष्टी लिहून घेतल्या आणि अकस्मात मृत्यूची नोंद करून परत आलो.

दुसऱ्या दिवशी गुळाच्या अडतीवर वजन करणारा एक तोलारी ठाण्यात आला. हा आमच्याकडं अधूनमधून बातम्या पोचवायचा.

"साहेब, त्यो दोर सुटला न्हाई, सोडला," तो म्हणाला. "दाजी बायकूला लय मारायचा. चार दिसांमागं ह्या दाजी-मेव्हण्याचं कडाक्याचं भांडाण झालं. हा त्याला सगळ्यांम्होरं म्हणला, पुन्यांदा तिच्या अंगाला हात लावलास तर पेवातच गाडीन."

मग मला उजव्या तळहाताचा अर्थ लागला, म्हणजे लागल्यासारखा वाटला. उजव्या हातानं त्यानं दोर आपणहून सोडला, म्हणून तो हात साफ. मी खुनाचा गुन्हा दाखल केला आणि त्याला अटक केली.

दोन दिवस मी त्याला समोर बसवून एकच प्रश्न विचारत होतो.

"दोर का सोडलास?"

"सोडला न्हाई साहेब. उजवा हात मेला माजा."

"मेला म्हणजे?"

"बधिर हुतो. आंगठा आन् ही बोटं असून नसल्यावानी हुत्यात. लय दिस झालं. हातातनं तांब्या पडतो, बंडीचं बटण लागत न्हाई. रातीला मुंग्यांनी जाग येती, हात झाडावा लागतो, मग जरा बरं वाटतं."

"मग दोरावर कशाला उभा राहिलास? मुकादमाला का सांगितलं नाहीस?"

तो खाली बघून म्हणाला, "सांगितलं असतं तर काढून टाकलं असतं. चुकलंच माजं. पर दाजीला ठावं हुतं, साहेब. आमी भांडलो, त्याच सांजला त्यो माफी मागून ग्येला. सकाळी कमरंला दोर बांधला आन् दुसरं टोक त्यानंच माज्या हातात दिलं. म्हणला, जपून धर, मी बी भिताडाला पाय लावून येतो."

ज्याला मेव्हण्याच्या धमकीची भीती आहे, तो दोराचं टोक त्याच्याच हातात कसा देईल? हा विचार माझ्या मनात यायला हवा होता. आला नाही. पहाऱ्यावरच्या हवालदारानं कळवलं की आरोपी रात्रीतून दोन-तीनदा उठून हात झाडत बसतो. मी म्हटलं, "नाटक करतोय, करू दे."

कबुली येईना, तेव्हा मी त्याच्या बहिणीला ठाण्यात बोलावलं. ती धडधाकट, शांत बाई होती. कपाळ नुकतंच मोकळं झालेलं. नवरा मारत होता का, या प्रश्नाला तिनं उत्तर दिलं नाही. भावानं धमकी दिली होती का, यालाही नाही. मग मी पोलीस खात्यातली जुनी युक्ती केली.

"तुझ्या भावानं सगळं कबूल केलंय," मी म्हणालो.

तिनं मान वर केली. "कबूल केलं? त्यानंच सांगितलं?"

"हो."

मग म्हणाली, "माज्यापायी केलं त्यानं," आणि धमकीचा जबाब देऊन अंगठा उठवला. तो जबाब मी आरोपीला वाचून दाखवला. त्यानं ऐकून घेतला आणि म्हणाला, "तिनं सांगितलं? मग तुमाला काय लिवायचं ते लिवा." त्यानंतर तो बोलायचा थांबला. मी तो कबुलीचा आरंभ समजलो.

कोठडीची मुदत वाढवून घेण्याआधी त्याची तब्येत तपासून घ्यायची होती. सरकारी दवाखान्यातले डॉक्टर दुसऱ्या महायुद्धात लष्करात राहून आलेले होते. तिकडच्या इस्पितळांत जखमी सैनिकांचे हात-पाय त्यांनी शेकड्यांनी पाहिलेले. सही-शिक्का घेऊन निघायचं म्हणून मी बाहेर उभा होतो, तर त्यांनी आत बोलावलं.

"फौजदार, याचे दोन्ही तळवे शेजारी शेजारी धरून बघा."

मी पाहिले. उजव्या अंगठ्याच्या बुडाशी मांसाचा जो उंचवटा असतो, तो बसलेला होता. डाव्या हाताचा जागच्या जागी होता. पंचनाम्यात मी सालटी पाहिली, पण हा खड्डा मला दिसला नव्हता.

डॉक्टरांनी त्याला तळहात वर करून ठेवायला सांगितला आणि म्हणाले, "आता अंगठा आढ्याकडं सरळ उचल." त्यांनी नुसत्या एका बोटानं दाबलं तर उजवा अंगठा खाली गेला. डावा त्यांना रेटूनही खाली नेता येईना. मग त्यांनी त्याच्या मनगटाच्या आतल्या बाजूला टिचकीसारखं हलकं ठोकलं. तो दचकला. "मधल्या बोटात इजंवानी ग्येली," म्हणाला. शेवटी मनगट खाली वाकवून तसंच धरायला सांगितलं. मिनिटभर झालं असेल, त्याच्या कपाळावर घाम आला. "हेच साहेब, हेच हुतं! हात ग्येला बघा."

"हे सगळं सोंग करता येतं, डॉक्टर," मी म्हणालो.

ते चिडले नाहीत. त्यांनी कापसाची वात वळून माझ्या हातात दिली. "डोळे बांधा त्याचे. तुम्हीच तपासा. जिथं कळेल तिथं हो म्हणायला सांगा."

मी त्याच्याच पटक्याच्या टोकानं डोळे बांधले आणि वात फिरवू लागलो. करंगळीला तो लगेच "व्हय" म्हणाला. अंगठा, तर्जनी, मधलं बोट, तिथं गप्प. करंगळीशेजारच्या बोटावर आलो. त्या बोटाच्या करंगळीकडच्या अर्ध्या भागाला लावलं की "व्हय". त्याच बोटाच्या दुसऱ्या अर्ध्या भागाला लावलं की गप्प. मी क्रम बदलला, मध्येच डावा हात घेतला, वात न लावताच थांबून पाहिलं. दर वेळी त्याची रेघ त्या बोटाच्या बरोबर मधून जात होती.

"मनगटात हाडं आणि एक जाड पट्टा यांच्यामध्ये अरुंद वाट असते," डॉक्टर म्हणाले. "तिथून जाणारा मज्जातंतू दाबला गेलाय. तो अंगठ्याला, दोन बोटांना आणि या बोटाच्या फक्त अर्ध्या भागाला जातो. उरलेला अर्धा दुसऱ्या तंतूकडं. सोंग करणारा एक तर सगळा हात बधिर सांगतो, नाही तर अख्खं बोट. बोटाची अशी वाटणी त्याला कोण शिकवणार? मला ती शिकायला वर्ष गेलं."

मी ठाण्यात येऊन माझाच पंचनामा काढून वाचला. डाव्या तळहाताची सालटी निघालेली. उजवा हात निसटला, तरी त्यानं एकट्या डाव्या हातानं, कातडी जाईपर्यंत तो दोर धरून ठेवला होता. हे माझ्याच अक्षरात, माझ्याच सहीनं लिहिलेलं होतं आणि त्यावरूनच मी त्याला खुनी ठरवलं होतं.

डॉक्टरांचा दाखला जोडून मी पुराव्याअभावी सोडण्याचा अहवाल पाठवला. वरिष्ठ नाराज झाले, पण तो सुटला. बाहेर पडताना त्यानं माझ्यापाशी एकच मागणं केलं.

"आवं साहेब, मी सांगून भन ऐकायची न्हाई. तुमी तिला सांगा."

ती तोवर सासरच्या माणसांकडं, आटपाडीच्या बाजूच्या एका वाडीत निघून गेली होती. मी सर्व्हिस मोटारीनं आणि पुढं पायी गेलो. साध्या कपड्यांत होतो, तरी तिनं ओळखलं. दारातच उभी राहिली. तिच्या सासूसमोर मी सगळं सांगितलं: हात, मनगट, अर्धं बोट. शेवटी हेही सांगितलं की त्यानं काहीच कबूल केलं नव्हतं, मी खोटं बोललो होतो.

तिनं शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग म्हणाली, "साहेब, तवा बी तुमीच सांगितलं. आता बी तुमीच सांगताय. मी कुठलं खरं धरू?"

सासू तोंडाला पदर लावून आत गेली. मी परत फिरलो.

त्यानं हमाली सोडली. एका मळ्यात राखणीला राहिला. भाऊबीजेला तो तीन वर्षं त्या वाडीपर्यंत गेला आणि तीन वर्षं तसाच परत आला, असं मला कळत होतं. चौथ्या वर्षी माझी बदली झाली, पुढचं मला ठाऊक नाही.

पुढं बऱ्याच वर्षांनी माझ्या डॉक्टर सुनेकडून त्या दुखण्याचं नाव कळलं: कार्पल टनेल सिंड्रोम. आता त्यावर शस्त्रक्रिया होते आणि हात पुष्कळदा सुधारतो, असं ती म्हणाली. मी तिला हे प्रकरण सांगितलं नाही.

या प्रकरणानं मला काय शिकवलं, असं नवे अधिकारी विचारतात तेव्हा मी सांगतो, माणूस "दुखतं" म्हणाला तर आधी त्याचा हात हातात घेऊन बघा. ते वहीत लिहून घेतात. दुसरी गोष्ट मी सहसा सांगत नाही, इथं लिहून ठेवतो. त्या माणसाचा हात डॉक्टरांनी अर्ध्या तासात निर्दोष ठरवला. मी त्या बाईला ठाण्यात जे एक "हो" म्हणालो, ते खोडून काढणारी तपासणी मला अख्ख्या नोकरीत सापडली नाही.