छत्री मिटली की ओके

माझ्या लग्नात अंतरपाट दूर झाला, माळा घालून झाल्या, अक्षता पडल्या आणि डायरेक्टर ओरडला, "आणखी एकदा! नवरीच्या तोंडावर उजेड नव्हता." भटजी असे तापले की विचारू नका. तरी त्याने मंडपाची कनात वर करायला लावली, माळा काढायला लावल्या आणि आम्ही त्या पुन्हा घातल्या. बरं, त्याच्या हातात कॅमेरा होता म्हणावं तर तोही नाही. रोह्यातला आमच्या शेजारचा हा मुलगा शाळेच्या गॅदरिंगपासून लोकांना असाच नाचवायचा, म्हणून सगळा गाव त्याला डायरेक्टर म्हणे. मी अण्णा म्हणायचे. मोठ्याचं नाव घेतलं असतं तर आईने थोबाड रंगवलं असतं.

पुढे मुंबईला जाऊन तो खरोखरच डायरेक्टर झाला. दोन पिक्चर आले, लोकांनी पाहिले. मग एका स्टुडिओत वर टांगलेल्या फळीवरून एक लाइटमन पडला आणि जागीच गेला. निर्माता म्हणाला, दारू पिऊन चढला होता. डायरेक्टरने पोलिसांत जाऊन सांगितलं की तो प्यायलेला नव्हता, फळी कुजकी होती आणि हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं. झालं! निर्माता बडं प्रस्थ. कागदावर बंदी कुठेच नाही, पण ह्याचे फोन कुणी उचलेना. ह्याचं नाव असेल त्या पिक्चरला कुणी पैसा लावायचा नाही, असं सगळ्यांचं आपोआप ठरून गेलं. शेवटी तो मॉरिशसला गेला. तिथे टीव्हीच्या मालिका केल्या, मुलांना शिकवलं आणि इथल्या मातीतला एक पिक्चर मनात घोळवत म्हातारा झाला.

मागल्या वर्षी तो माझ्या पेणच्या खाणावळीत येऊन बसला, तेव्हा मी आधी ओळखलंच नाही. डोकं पांढरं, आवाज एकदम खाली. कोकणातून मॉरिशसला गेलेल्या एका मिठागरवाल्या कुटुंबाचा पिक्चर काढायचा होता त्याला, आणि मिठागर पेणच्या खाडीवरचंच हवं होतं. निम्मा पैसा तिकडचा, निम्मा मुंबईच्या एका कंपनीचा. कंपनीला ह्याचं नाव कळलं असतं तर पैसा तिथल्या तिथे बंद. म्हणून कागदावर डायरेक्टर त्याची तिकडची विद्यार्थिनी अनिशा, आणि हा नुसता सल्लागार, तोही खोट्या नावाने. "जेवण तुझं, शालू," म्हणाला, "पण मला ओळखायचं नाय." म्हटलं, बरं बाबा, जन्मभर शेजारधर्म पाळला, आता अनोळखीधर्म पाळते.

मिठागरावर तो सगळ्यांच्या मागे टोपी घालून, काळी छत्री उघडून बसायचा. शॉट झाला की अनिशा हळूच मागे बघायची. छत्री मिटली की ओके, उघडी राहिली की परत. मला मेलं हसू आवरत नसे आणि ते पदराआड दाबावं लागे, कारण कंपनीचा मॅनेजर दिवसभर नाक खुपसत फिरायचा. एकदा त्याने मला विचारलंच, ते छत्रीवाले काका कोण म्हणून. आमच्याकडचेच हायत, त्यांना ऊन सोसत नाय, असं सांगून मी त्याच्यापुढे सुकटीची चटणी सरकवली. पूर्वी घासाघासाला "आणखी एकदा" म्हणणारा आमचा डायरेक्टर ते शब्द आता चुकूनही काढत नव्हता. का, म्हणून विचारलं तर त्याने भाकरी मागितली.

शूटिंग संपत आलं होतं. उधाणाचा दिवस होता. घर सोडून निघालेलं कुटुंब आणि मागून चढणारं खाडीचं पाणी, असा शॉट. त्यासाठी बांधावर लोखंडी मचाण उभं केलेलं, वर मोठा लाइट आणि लाइट धरून बसलेला माणूस. वारा सुटला होता. पहिला शॉट झाला तोवर पाणी बांधाला लागलं होतं. मी चहाची किटली घेऊन उभी होते आणि ते मचाण हललेलं मी ह्या डोळ्यांनी पाहिलं. मागे वळले तर छत्री मिटलेली. अनिशा ओके म्हणाली. पण मॅनेजर ऐकेना. शॉट हलला, पाणी उद्या असं मिळायचं नाही, पैसा आमचा आहे, चालू करा, असं म्हणत त्याने माणसाला वरच थांबवलं.

डायरेक्टर उठला. छत्री तिथेच टाकून चिखल तुडवत मचाणाखाली गेला आणि वर बघून दोन्ही हात हलवत ओरडला, "उतर. आधी खाली उतर."

मॅनेजरने विचारलं, तुम्ही कोण सांगणार? मी मनात देवाचा धावा करत होते. अण्णा, सल्लागार म्हण, काय वाटेल ते म्हण, पण खरं नाव नको.

"यशवंत धाया म्हात्रे, राहणार रोहा," तो म्हणाला. "ह्या पिक्चरचा डायरेक्टर."

मॅनेजर फोन कानाला लावून गाडीकडे गेला. लाइटमन खाली उतरला. जेवणाच्या आधीच काम बंद झालं आणि सगळ्या युनिटचा भात माझ्या अंगावर पडला. आणि मचाण? ते पडलंच नाही. पाणी आलं, गेलं, आणि ते आपलं थोडं कलून तसंच उभं.

माझा नुसता संताप झाला होता. त्याच्यापुढे ताट आपटून म्हटलं, "पडलं नाय ना ते! कशाला सांगितलंस नाव?"

तो भाताकडे बघत म्हणाला, "मागल्या वेळी मी 'आणखी एकदा' म्हटलं होतं, शालू. फळी हलताना बघून म्हटलं होतं."

मी त्याच्या भातावर वालाची आमटी वाढली आणि शेजारी बसून राहिले. आठवडाभरात तो परत गेला, मला नीट निरोपही देता आला नाही. कंपनीने मुंबईचा दुसरा डायरेक्टर आणून पिक्चर पुरा केला. मी तो फोनवर पाहिला. शेवटी नावं खालून वर सरकत गेली, अगदी चहावाल्यांचीही आली. ह्याचं कुठेही नव्हतं. मी फोनला शिव्या घातल्या.

गणपतीच्या आधी मचाणावरचा तोच लाइटमन बायको आणि मुलीला घेऊन खाणावळीत आला. हमरापूरला मूर्ती घ्यायला आले होते. वर जनरेटरच्या आवाजात आपल्याला काही ऐकू आलं नव्हतं, तो सांगू लागला. खाली एक म्हातारा हात हलवतोय एवढंच दिसलं. मॅनेजरने नंतर सांगितलं, कुणी वेडा होता. पण मचाणाचा पाय बांधात किती आत गेला होता, ते मचाण सोडवताना ह्या लाइटमनने स्वतः पाहिलं होतं.

"त्यांचं नाव काय, ताई?"

मी बापाच्या नावासकट, गावासकट सांगितलं. त्याच्या बायकोने ते ओठांतल्या ओठांत म्हणून पाहिलं, आणि मग मांडीवरच्या मुलीला म्हणाली, "आता तू म्हण बघू."