“वाट मोकळी आहे भाई, या”

हे मी आजवर कुणापाशी बोललो नाही. बायकोपाशीसुद्धा नाही. तुम्हाला सांगतोय, कारण तुम्ही हमीदभाईंना ओळखत नाही.

हमीदभाई माझे थोरले चुलतभाऊ. आम्ही रत्नागिरीकडचे. ते लाँचवर तांडेल, म्हणजे कप्तान, आणि मी मस्कतला, कुरुममध्ये, त्याच लाँचच्या मालकाच्या ऑफिसात. येमेनमध्ये लढाई पेटली तेव्हा अर्बाबने — मालकाला इथे आम्ही अर्बाबच म्हणतो — मालाऐवजी माणसं आणायला सुरुवात केली. बाया, पोरं, म्हातारे, गाठोड्यांसकट.

आमच्या तांडेलांची एक रीत आहे. ऑफिसच्या शब्दावर कुणी नांगर उचलत नाही. आधी किनाऱ्यावरच्या आपल्या गाववाल्याला फोन, मग बिस्मिल्ला. अर्बाबला ही रीत पक्की ठाऊक होती. म्हणून तर त्याने फोन माझ्या हातात दिला — एरवी मला कोण विचारतो?

त्या सकाळी भाई येमेनच्या किनाऱ्यावर माणसं भरून थांबले होते. खबर आली होती, त्यांच्या वाटेवर तोफा चालू आहेत. मी — हो, मी ती स्वतःच्या कानांनी ऐकली होती. अर्बाब समोर चहा पीत होता. म्हणाला, तू सांग, तुझं तो ऐकेल. माझा व्हिसा त्याच्या हातात होता, पण त्याने त्याचं नावही काढलं नाही. गरजच काय होती? मी भित्रा आहे हे त्याने केव्हाच ओळखलं होतं.

“वाट मोकळी आहे भाई,” मी म्हणालो. “या.”

ते निघाले. लाँचवर गोळा पडला, लाँच बुडाली. हमीदभाई आणि दोन खलाशी वाचले. ती माणसं — ती सगळी गेली.

अर्बाबने हात झटकले. तांडेलाने पैशाच्या लोभाने कुणाचं ऐकलं नाही, असं सगळीकडे सांगत सुटला. मला संताप आला, दगा झाला म्हणून मी रडलोही. पण दगा दिला कुणी? गावात भाईंना हावरट म्हणतात. पुन्हा कुणी त्यांना लाँच दिली नाही. आता इकडेच, ओमानात खाबुऱ्याला एका दुकानात बसतात आणि शुक्रवारी अल खौदला आमच्याकडे जेवायला येतात.

गेल्या शुक्रवारी जेवताना हळूच म्हणाले, “तुझा फोन झालेला, ते मी कुणाला सांगितलं नाय. उगाच तुझं नाव कशाला? अर्बाबने तुलापण फसवलान ना.”

मी त्यांच्या ताटात माशाची तुकडी वाढली.

“हो भाई,” मी म्हणालो. “मलापण फसवलान.”