शिवपुरीचं आभाळ

“तिकडं आभाळ कसं हाय?”

फोन उचलला की उस्तादांचं पहिलं वाक्य हेच. हॅलो नाही, कोण बोलतंय नाही. पलीकडचा माणूस रडत असो की भांडत असो, आधी त्याने आभाळ सांगायचं, मग पुढचं. एकदा शेठच्या विहीणबाईंचा फोन आला होता, साखरपुड्याचं ठरवायला. त्यांनाही आधी आभाळच सांगावं लागलं.

तुम्हीही अशी माणसं पाहिली असतील, एकाच वाक्यावर सगळा जन्म रेटणारी. आमच्या वाट्याला आलं ते हे.

नाशिकला आडगाव नाक्याजवळ ट्रान्सपोर्टच्या गाळ्यांची रांग होती, त्यातल्या एका गाळ्यात मी हिशेबाला होते. विंचूर-चांदवडकडचा कांदा भरून आमच्या गाड्या आग्रा रोडने वर जायच्या. इंदूर, ग्वाल्हेर, कानपूर, कधी थेट सिलिगुडी. उस्ताद मूळचे चांदवडकडचे. उभा जन्म ट्रक चालवला, गुडघे गेले, तेव्हा शेठनी त्यांना गाड्या सोडायच्या कामावर बाकावर बसवलं. ड्रायव्हर लोक त्यांना उस्ताद म्हणायचे, म्हणून आम्हीही उस्तादच म्हणायचो.

आभाळाचं वेड उगाच नव्हतं. गोणीतल्या कांद्याला पाणी लागलं की तो ताडपत्रीखाली तापतो, आणि मग त्या गाडीच्या आसपास उभं राहवत नाही. तेव्हा मोबाईल नव्हते. ड्रायव्हर वाटेतल्या बूथवरून फोन करायचे आणि उस्ताद डोळे मिटून ऐकायचे. मावळतीला काळं असेल तर दोरी आवळायला सांगायचे, मग जेवलास का विचारायचे. गाडी ठिकाणावर लागल्याचा फोन आला की मात्र एकच शब्द. “पोचला.” आम्हा सगळ्यांना ऐकू जाईल असा तो म्हणायचे आणि मगच चहा मागवायचे.

आता त्या वेळची मी. हसू आवरून वाचा. गाळ्यातली एकुलती एक पदवीधर, चष्मा साखळीला अडकवलेला, आणि पुढे कॉम्प्युटरचा कोर्स केल्यावर तर पाय जमिनीला लागेनात. हमालांनीसुद्धा मला मॅडम म्हणावं असा माझा आग्रह. बिचारे म्हणायचे. उस्ताद तेवढे ‘बाई’ म्हणत. मी ऐकू न आल्यासारखं केलं, की आणखी मोठ्याने ‘बाई’ म्हणत.

त्यांचा मुलगा आमच्याच एका गाडीवर होता. त्यांनीच शिकवलेला. ताडपत्रीची गाठ मारायची त्यांची एक खास पद्धत होती, ती फक्त त्या दोघांना जमायची. एका पावसाळ्याच्या तोंडाला तो कानपूरचा माल घेऊन निघाला. मध्य प्रदेशातल्या गुनाहून फोन आला, आभाळ साफ आहे, जेवलो आहे. त्यानंतर फोनच नाही.

गाडी सापडली शिवपुरीच्या पुढे, रस्त्याच्या कडेला नीट लावलेली. किल्ली जागेवर, चपला केबिनमध्ये, ताडपत्री त्याच गाठीने आवळलेली. पाऊस होऊन गेला होता, पण एकही गोणी भिजली नव्हती. तो मात्र कुठेच नव्हता.

उस्ताद गेले. पोलिसांत, दवाखान्यांत, ढाब्याढाब्यांवर विचारत फिरले. शेवटी तीच गाडी स्वतः चालवत कानपूरला नेली, माल उतरवला आणि आम्हाला फोन केला. त्या दिवशी ‘पोचला’ म्हणाले नाहीत.

तेव्हापासून गाळ्यात एक नवीन गोष्ट सुरू झाली. अधूनमधून फोन वाजायचा आणि पलीकडून कुणी बोलायचं नाही. लाइनी तशाच होत्या तेव्हा, सगळीकडेच व्हायचं. मी वैतागून ठेवून द्यायची. उस्ताद ठेवायचे नाहीत. “तिकडं आभाळ कसं हाय?” एवढं विचारायचे आणि ती खरखर ऐकत बसायचे. समोरच्याने ठेवल्याशिवाय आपण ठेवायचे नाहीत. एकदा मी म्हटलं, लाइन खराब आहे, तक्रार करू का? म्हणाले, “नको बाई. दुरुस्त झाली तर?” मला वाटलं म्हातारा विनोद करतोय. मी हसले सुद्धा.

अख्खा देश माणसांचे दिवस घालायला आमच्या गंगेवर, म्हणजे गोदावरीवर, येतो, आणि हे नाशकात राहून मुलाचं काही करायला तयार नव्हते. भाऊबंद सांगून थकले. यांचं उत्तर ठरलेलं. गाडी लागल्याचा निरोप आलेला नाही.

घरात ते आणि सून, दोघंच. सून नामपूरकडची, बागलाणातली. कपाळाला टिकली लावावी की नाही हे तिलाही ठाऊक नव्हतं. रोज सकाळी लावायची, असं तिनेच मला एकदा सांगितलं, आणि संध्याकाळी आरशासमोर काढताना भीती वाटते म्हणाली.

वर्षं गेली आणि आमच्या गाळ्यात कॉम्प्युटर आला. माझं राज्यच आलं म्हणा. त्यावर दुरुस्तीवाल्याने हवामानाची एक चौकट बसवून दिली. पडद्याच्या कोपऱ्यात इवलासा सूर्य नाहीतर ढग, खाली तापमान. तिला फक्त गाव सांगायचं. मी सगळ्यांना गोळा केलं, चष्मा चढवला आणि ऐटीत नाशिक लिहिलं. सूर्य उगवला. हमालांनी वा वा केलं. उस्तादांनी पडद्याकडे पाहिलं, खिडकीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

“बाई, नाशिकचं आभाळ तर खिडकीतून दिसतंय. जिथं आपलं माणूस हाय तिथलं विचारा याला.”

कोर्समध्ये हे शिकवलं नव्हतं.

तेव्हापासून रोज सकाळी मी गाव बदलायची. गाडी जिथे असेल ते गाव. धुळे, इंदूर, ग्वाल्हेर. गाडी पुढे सरकली की चौकट पुढे. बाकावरून दिसावं म्हणून पडदा त्यांच्याकडे वळवून ठेवावा लागे, आणि मी दिवसभर मान वाकडी करून हिशेब लिहायची. ती मान अजून दुखते, नातीला शेक द्यायला लावते.

पोळ्याला सगळ्या गाड्या घरी होत्या. आता तरी माझं नाशिक लावते म्हणून हात पुढे केला, तर मागून हळूच आवाज आला. “शिवपुरी लावा.”

मी लावली. त्यांनी बराच वेळ पाहिलं. ऊन होतं तिकडे. आणि मी काय करावं? मी त्यांना समजावलं. म्हटलं, उस्ताद, हे यंत्र आहे, यात माणूस सापडत नाही. केवढं मोठं सत्य सांगितलं हो मी! ते नुसते मान हलवत राहिले, जसं लहान मुलीचं पाठ केलेलं ऐकावं तसं.

त्यात आणखी एक भानगड झाली. शिवपुरी लावताना माझ्या हातून काय दाबलं गेलं कोण जाणे, लाईट जाऊन आली की ती चौकट आपली आपण शिवपुरीवर जाऊन बसायची. भारनियमनाचे दिवस, लाईट रोज जायची. मी इंदूर लावावं, लाईट जावी, परत शिवपुरी. दुरुस्तीवाला दोनदा येऊन गेला, त्यालाही उमगलं नाही. उस्ताद म्हणायचे, राहू द्या, ते विसरत नाही म्हणून रागावू नका त्याच्यावर.

अशात एक दिवस त्यांनी मला बाजूला घेतलं. सुनेसाठी नामपूरलाच एक स्थळ पाहिलंय म्हणाले. बायको वारलेली, शेती चांगली, माणूस सरळ. स्वतः जाऊन बोलून आले होते. मी विचारलं, सून काय म्हणते? म्हणाले, “ती विचारती, ते आले तर काय सांगाल? मी बोललो, आला तर मी हाय ना. मी बघीन त्याच्याकडं.”

लग्नात मुलीच्या बापाच्या जागी तेच उभे राहिले. जेवणाच्या पंगतीत वाढलंसुद्धा. दुसऱ्या दिवशी कामावर आले आणि म्हणाले, आता नामपूर लावा.

नामपूर त्या चौकटीला ठाऊक नव्हतं. मालेगाव होतं. “चालंल,” म्हणाले. “ढग काय मालेगावला थांबून राहतो व्हय.”

पण तिथे फोन कसा करायचा? आधीच्या नवऱ्याच्या बापाने नव्या घरी उगाच फोन करावा हे कुणाला आवडतं? तेव्हा या चौकटीने त्यांची सोय केली. तिच्या घरी कांदा साठवायची चाळ होती. मालेगाववर ढग दिसला की हे हक्काने फोन लावायचे, चाळीवर प्लास्टिकचा कागद टाका म्हणून सांगायला. ती म्हणायची, बरं मामा. बस, तेवढंच. ऊन असलं की मात्र यांचा चेहरा पडायचा. महिना महिना ढग नसे. जगात ढगाची अशी वाट पाहणारा कांद्यातला माणूस मी एकच पाहिला.

मग ती मार्चअखेरची दुपार. मी बँकेत गेले होते. मागे लाईट जाऊन आली. उस्तादांना इंग्रजी वाचता येत नव्हतं, चित्रं कळायची. चौकटीत काळा ढग आणि वीज. त्यांनी नामपूरला फोन लावला. तिकडे रखरखीत ऊन होतं, नवा उन्हाळ कांदा काढून शेतात पसरलेला. यांनी ऐकूनच घेतलं नाही. असेल तिथून माणसं बोलवा, कांदा झाका, आत्ता. कधी नव्हे ते ओरडले म्हणे.

मी परत आले आणि पडदा पाहिला. गाव शिवपुरी. मला हसू फुटलं. म्हटलं, उस्ताद, हा ढग मालेगावचा नाही, शिवपुरीचा आहे, सुनेला उगाच धावाधाव करायला लावलीत. 

ते हसले नाहीत. पडद्याच्या अगदी जवळ आले आणि ती वीज पाहत उभे राहिले. पुन्हा फोन करून राहू द्या म्हणून सांगते म्हटलं, तर माझा हात धरला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

तिकडे नामपूरला सगळं गाव हसत होतं, हे नंतर कळलं. भर उन्हात शेतावर ताडपत्र्या. नवराही चिडला होता, पण तिने ऐकलं नाही, स्वतः दोऱ्या आवळल्या. म्हाताऱ्याची गाठ तिलाही येत होती, घरात पाहून पाहून शिकलेली.

सांज व्हायच्या आत गारा पडल्या. बोराएवढ्या. शिवारातला उघडा कांदा झोडपून निघाला, सुनेच्या घरचा तेवढा वाचला.

सकाळी तिचा फोन आला तो मीच घेतला. ती रडत होती की काय कळेना. मी उस्तादांना दिला. त्यांनी आभाळ विचारलं, ऐकलं, ठेवला. मग मला म्हणाले,

“बाई, शिवपुरीला काय हाय आता?”

मी पाहिलं. “स्वच्छ आहे.”

ते बाकावर बसले. मग आम्हा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, “पोचला.”

चहा मागवला. त्याच आठवड्यात त्यांनी गंगेवर जाऊन मुलाचं सगळं केलं. मुके फोन त्यानंतर आले नाहीत. नवीन केबल टाकली होती म्हणतात.

माझ्याकडे या सगळ्याचा खुलासा आहे बरं का. अवकाळीत ढगांचा पट्टा लांबलचक असतो, तिकडे असला तर इकडेही येऊ शकतो. मी तो सगळ्यांना सांगितला, अजून सांगते. नात विचारते, आजी, तुला पटतो का? मी तिला चहा करायला पाठवते.

नंतर दोनेक पावसाळे ते बाकावर होते. मग एका सकाळी आले नाहीत. झोपेतच गेले. सून आणि तिचा नवरा दोघंही आले, नवऱ्याने खांदा दिला.

ती नामपूरला परत गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी गाळ्यातला फोन वाजला. मी उचलला, पलीकडे नुसती शांतता. तोंडातून आपोआप निघालं, तिकडं आभाळ कसं आहे?

“इथलं नका विचारू, काकू,” ती म्हणाली. “नाशिकले आभाळ कसं शे?”

इतक्या वर्षांत त्या फोनवर नाशिकचं आभाळ कुणीच विचारलं नव्हतं. मी खिडकीतून पाहून सांगितलं, पातळसे ढग आहेत, पाऊस नाही. “बरं,” म्हणाली आणि ठेवला.

मग मी चौकटीत नाशिक लिहिलं. दुपारी लाईट गेली. परत आली तेव्हा मी नेहमीसारखा हात पुढे करून बसले होते, शिवपुरी बदलायला. पडद्यावर नाशिकच होतं.

मी हात मागे घेतला. उस्ताद गेल्यापासून पडदा माझ्याकडे वळला होता, तो पुन्हा बाकाच्या दिशेने फिरवला आणि मान वाकडी करून हिशेब लिहायला लागले.